आपल्या कळसूबाईवर बर्फ का नाही?

माझा धाकटा भाऊ दुसरीत आहे. आमच्या वर्गात एक जुने कॅलेंडर टांगलेले आहे. त्यावर नंदादेवी शिखराचे पांढरेशुभ्र चित्र आहे. ते पाहून तो म्हणाला, "दादा, आपल्या कळसूबाईवर का नाय असा बर्फ? ती पण लई उंच हाय ना!" मला हसू आले, पण उत्तर सांगता येईना. मग मी गुरुजींना विचारले. जे समजले ते सर्वांसाठी लिहितो.

कळसूबाई आपल्या अकोले तालुक्यात आहे. तिची उंची १६४६ मीटर. महाराष्ट्रात याहून उंच शिखर नाही. नवरात्रात माणसे लोखंडी शिड्या चढून देवीच्या दर्शनाला जातात. भोवतालचे रान १९८६ साली कळसूबाई-हरिश्चंद्रगड अभयारण्य झाले. नंदादेवी उत्तराखंडात आहे. तिची उंची ७८१६ मीटर. तिच्याभोवती १९८२ साली राष्ट्रीय उद्यान झाले.

उंचावर थंडी का असते? सूर्य आधी जमीन तापवतो आणि जमिनीमुळे हवा तापते. तापलेली हवा वर गेली की पसरते आणि गार होते. दर १००० मीटरला सुमारे साडेसहा अंश उष्णता कमी होते. गुरुजींनी फळ्यावर गणितच मांडले. बारी गावापासून शिखर साधारण ८०० मीटर वर आहे, म्हणजे फरक पाचच अंशांचा. मे महिन्यात खाली ३८ अंश असले तर वर ३३! तिथे बर्फ कसा टिकणार? बारा महिने बर्फ राहायला सुमारे ५००० मीटर उंची लागते. म्हणजे एकावर एक तीन कळसूबाई ठेवायला हव्यात! महाबळेश्वरला थंडीत कधी दवबिंदू गोठतात, पण ऊन आले की ते संपतात.

नंदादेवीवर पडलेला हिम वर्षानुवर्षे साचतो. वरच्या वजनाने खालचा दबून त्याचा कठीण बर्फ होतो आणि तो हळूहळू उतारावरून सरकतो. त्याला हिमनदी म्हणतात. उन्हाळ्यात ती वितळते आणि ते पाणी ऋषिगंगेतून, अलकनंदेतून पुढे गंगेला मिळते. पाऊस नसला तरी नदीला पाणी असते. म्हणजे बर्फ ही डोंगराची पाण्याची टाकीच झाली. आता जग तापत चालल्याने तीही टाकी आटत आहे.

हे ऐकले आणि मला आमची आई आठवली. पावसाळ्यात आमच्या दारापुढून पाणी धो धो वाहते. इथल्या डोंगरपट्ट्यात काही हजार मिलिमीटर पाऊस पडतो. नगर शहरात मात्र वर्षाला पाचसहाशे मिलिमीटरच. तरी एप्रिल-मे मध्ये आई पहाटे उठून दोन हंडे घेऊन लांबच्या झऱ्यावर जाते. सुट्टीत मी पण जातो. एवढे पाणी जाते तरी कुठे?

आपला डोंगर काळ्या कातळाचा आहे. सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी जमिनीतून लाव्हा बाहेर आला. त्याचे थरावर थर बसून सह्याद्रीचा कातळ झाला. त्यात फक्त भेगांमधून थोडे पाणी मुरते. बाकीचे घसरून ओढ्याला जाते. रतनगडाजवळ उगम पावणाऱ्या प्रवरेचे पाणी १९२६ साली पुऱ्या झालेल्या भंडारदरा धरणात अडते. तेच पाणी कालव्यांनी संगमनेर, श्रीरामपूर, राहुरीकडची शेते भिजवते. पण धरण खाली आणि आपल्या वाड्या वर. पाणी काही आपोआप वर चढत नाही.

मग आपण काय करावे? आपल्याच जिल्ह्यातल्या हिवरे बाजारला आपल्यापेक्षा पुष्कळ कमी पाऊस पडतो. तरी तिथल्या लोकांनी १९९० नंतर डोंगरावर चर खणले, झाडे लावली, बांध घातले, चराईबंदी केली. पाणी मातीत मुरले आणि विहिरींना आले. आपल्याला बर्फ मिळणार नाही, पण माती आहे. ती धरून ठेवायला झाडे पाहिजेत. म्हणून पालकांना विनंती, की उन्हाळ्यात रानाला वणवा लावू नये आणि पावसाआधी सर्वांनी मिळून थोडे तरी चर खणावेत. आम्ही मुले माती वाहू.

भावाला मी एवढेच सांगितले, "आपली कळसूबाई बर्फाएवढी उंच नाय, पण पाऊस अडवून आणते. तो धरून ठेवायचं काम आपलं."

— इयत्ता सातवी