सहाचा फोन आला नाही तर?

पावसाळा लागला की अमरावती-अकोल्याकडची मंडळी चिखलदऱ्याला, नाहीतर अकोटवरून नरनाळ्याला निघतात. डबा, छत्री, सतरंजी सारे आठवणीने घेतले जाते. घरी मात्र एवढेच सांगतात, "संध्याकाळपर्यंत येतो." आता संध्याकाळ म्हणजे पाच की नऊ?

मेळघाटात आतल्या भागात मोबाइलची रेंज बऱ्याच ठिकाणी मिळत नाही. त्यामुळे फोन लागला नाही तरी घरचे म्हणतात, रेंज नसेल. एकदा आमची गाडी घाटात बंद पडली, तेव्हा आमच्या घरीही हेच म्हणत सगळे अकरापर्यंत स्वस्थ बसले होते!

डॉक्टर म्हणून मला काळजी वाटते ती या वाया गेलेल्या तासांची. पाय मोडलेला माणूस गडावर रात्रभर भिजला तर मोडलेल्या हाडापेक्षा अंगातली घटणारी उष्णता अधिक घातक ठरते. मण्यार चावली तर पुष्कळदा दुखतही नाही, सूजही येत नाही. काही तासांत पापण्या जड होतात, मग श्वास अडखळतो. अशा वेळी प्रतिविष लवकर मिळावे लागते. बुद्धपौर्णिमेला प्राणिगणनेसाठी मचाणावर बसणाऱ्यांनाही वैशाखातले ऊन आदल्या दुपारीच गाठू शकते.

म्हणून निघण्यापूर्वी एका माणसाशी ठरवून घ्या. कोणत्या वाटेने जाणार, सोबत कोण, गाडीचा नंबर काय, हे त्याच्याकडे कागदावर लिहून द्या. फोन किती वाजता करणार आणि न आल्यास किती थांबायचे, तेही ठरवा. समजा सहाची वेळ आहे. सातपर्यंत वाट पाहावी, मग ११२ ला कळवून तो कागद वाचून दाखवावा. रुग्णवाहिकेसाठी १०८ आहेच. हे काम आजीवर सोपवू नका, ती सहा वाजून पाच मिनिटांनीच देव पाण्यात घालून बसेल.

रेंज शोधता शोधता मोबाइलची बॅटरी लवकर उतरते. तेव्हा तो बंद ठेवून ठरल्या वेळी उंचवट्यावर सुरू करावा. बोलणे होत नसेल तर दोन शब्दांचा मेसेज पाठवून पाहावा, तो पुष्कळदा जातो.

आणि परतताना परतवाड्याला गरम भजी दिसली, तरी आधी फोन करा. नाहीतर इकडे तुमचा चहा चाललेला आणि तिकडे पोलीस घाटात तुम्हाला शोधत असायचे.