आवाज उशिरा पोचतो

कल्पनारम्य कादंबऱ्यांत कधीकधी एक वेगळाच प्रलय भेटतो. पाणी नाही, आग नाही, नुसता नाद उठतो आणि डोंगर तडकतात, शहरे बसतात, माणसे जागच्या जागी संपतात. वाचायला थरारक, पण निसर्गात असे होऊ शकते का? हा प्रश्न शिरूर-दौंडच्या पट्ट्यात विचारावा असा आहे, कारण पृथ्वीवरच्या महाप्रचंड स्फोटांच्या खुणा इथल्या नद्यांच्या काठी सापडल्या आहेत. त्या खुणा आणि अलीकडच्या स्फोटांच्या नोंदी शेजारी ठेवल्या की मला एकच दिसते: आवाज सहसा स्वतः मारत नाही. तो मारणाऱ्याची वर्दी देतो, आणि तीही बहुधा उशिरा.

जुन्नर तालुक्यातले बोरी कुकडीच्या काठी आहे. हीच कुकडी पुढे शिरूरच्या हद्दीला लागते, टाकळी हाजी-निघोजपाशी काळ्या खडकात रांजणखळगे कोरते आणि घोडनदीला मिळते. घोड भीमेला, आणि भीमा दौंडवरून उजनीकडे. बोरीच्या काठात करड्या-पांढऱ्या मातीचा एक थर आहे. चिमटीत चुरला तर पिठासारखा, भिंगाखाली मात्र काचेच्या बारीक वाकड्या कपच्या. ही ज्वालामुखीची राख. खाली बारामती तालुक्यात कऱ्हेकाठी मोरगावलाही तशीच सापडते. आपला दख्खनचा काळा पाषाणही ज्वालामुखीचाच ना, असे कोणी म्हणेल; पण तो सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वी मुख्यतः भेगांतून वाहत आलेल्या लाव्हाचा आहे. ही राख त्यापुढे कालपरवाची, आणि तिची रासायनिक घडण सुमात्रातल्या तोबा ज्वालामुखीशी जुळते. तिच्या वयावर अभ्यासकांचे अजून एकमत नाही. ७५ हजार वर्षांपासून १४ लाखांपर्यंत आकडे दिले गेले आहेत. तोबा अनेकदा फुटला असल्याने या वादाला जागाही आहे. शेवटचा महास्फोट सुमारे ७४ हजार वर्षांपूर्वीचा. त्याने मागे ठेवलेल्या खड्ड्यात आज १०० किलोमीटर लांबीचे सरोवर आहे.

तोबापासून शिरूर साधारण ३,२०० किलोमीटर. तो धमाका इथे ऐकू आला असेल का? ताळा करायला इंडोनेशियातला क्राकाटोआ ज्वालामुखी आहे. २७ ऑगस्ट १८८३ ला सकाळी दहाच्या सुमारास ते बेट फुटले, आणि जवळजवळ चार तासांनी, ४,८०० किलोमीटरवरच्या रॉड्रिग्ज बेटावरच्या पोलीस अधिकाऱ्याने पूर्वेकडून तोफांसारखे आवाज आल्याची नोंद केली. मुंबईचे अंतरही फारसे वेगळे नाही. तिथल्या वेधशाळेच्या वायुभारमापकाने जी लाट टिपली ती मात्र कानाला न लागणारी, अतिशय मंद गतीने हेलकावणारी. अशी लाट हवेत फार कमी विरते. क्राकाटोआची तर सुमारे पाच दिवस पृथ्वीभोवती फिरत राहिली. ऐकू येणारा आवाज वाटेत मरतो, न ऐकू येणारा जगाला वळसा घालतो. १५ जानेवारी २०२२ ला टोंगाजवळच्या समुद्रातला ज्वालामुखी फुटला, तेव्हाही हवेच्या दाबाची लाट जगभरच्या यंत्रांनी पकडली.

इथे एक आक्षेप रास्त आहे. क्राकाटोआपासून सुमारे ४० मैलांवर असलेल्या ‘नॉरहॅम कॅसल’ जहाजाच्या कप्तानाने निम्म्याहून अधिक खलाशांच्या कानांचे पडदे फाटल्याचे लिहिले होते. मग आवाज इजा करत नाही कसे म्हणायचे? करतो, पण फार थोड्या पल्ल्यात. सुमारे १९४ डेसिबलच्या पुढे नेहमीचा आवाज हा प्रकारच उरत नाही, हवेची भिंत ढकलत जाणारा आघात होतो, आणि अंतराबरोबर तो झपाट्याने ढिला पडतो. क्राकाटोआत ३६,००० हून अधिक माणसे गेली ती बहुतेक समुद्राच्या लाटांनी. दुसरा आक्षेप तोबाबद्दलचा. स्फोट मोठा म्हणून आवाजही तेवढाच मोठा, हे गृहीत धरता येत नाही. कित्येक दिवस राख ओकणारा ज्वालामुखी एका क्षणात फुटणाऱ्यापेक्षा कमी कर्कश असू शकतो, आणि वारे उलटे असले तर आवाज वरच्या वर निघून जातो. तेव्हा ‘तोबा इथे ऐकू आला’ असे छातीठोक म्हणता येणार नाही. आला असता तरी अडीच तासांहून अधिक उशिराने, आणि त्याने इथले काही मोडले नसते. राख मात्र आली, आणि ती काठात आहे.

ज्वालामुखी लांब राहिला. शिरूर-दौंडच्या माळावर दरवर्षी घडणारी गोष्ट म्हणजे वळवाची वीज. गडगडाट म्हणजे विजेने क्षणात तापवलेल्या हवेचा फुटलेला आघातच, आणि आकाशाच्या या नादाला आपण दचकतो. मारते ती वीज, तीही आवाजाच्या आधी. लखलखाट आणि गडगडाट यांमधले सेकंद मोजून तिनाने भागले की अंतर किलोमीटरमध्ये मिळते. तीस सेकंद म्हणजे दहा किलोमीटर, आणि पुढची वीज तेवढ्या टप्प्यात सहज पडू शकते. ढग अजून लांब आहे, एवढा वाफा खुरपून घेऊ, हा हिशेब म्हणूनच चुकतो. पुण्याच्या भारतीय उष्णदेशीय मौसमविज्ञान संस्थेचे ‘दामिनी’ ॲप मोबाइलवर फुकट मिळते आणि आसपास वीज पडण्याची शक्यता असली की आगाऊ सांगते. कांदा काढणीला बायामाणसे रानात असतील, मेंढरे माळावर असतील, तर एकाच्या तरी मोबाइलवर ते असू द्या. गडगडाट ऐकताच झाडाखाली न थांबता पक्क्या घरात जा, आणि शेवटच्या गडगडाटानंतर अर्धा तास बाहेर पडू नका.