खेळणारा फोन आणि उष्णतेचा हिशेब

घरातील संगणकावर एखादा अवजड खेळ सुरू केला म्हणजे त्याच्या पेटीतून पंख्याची घरघर ऐकू येऊ लागते. स्मार्टफोनवर खेळ चालू असताना असा आवाज येत नाही. याचे कारण फोनला श्रम पडत नाहीत हे नव्हे. बहुतेक फोनांना पंखाच नसतो, हे आहे. आत निर्माण झालेली उष्णता काच, धातू किंवा प्लास्टिक यांच्या पातळ आवरणातून झिरपत बाहेर येते आणि भोवतालच्या हवेत व खेळणाऱ्याच्या तळहातात जाते. तिला दुसरी वाट नाही. खेळाची गती किती ठेवावी, चित्र किती रेखीव असावे, पडदा किती उजळ असावा, या सर्व प्रश्नांची उत्तरे अखेर या एका गोष्टीवर अवलंबून असतात.

हे निर्णय करण्याची सोय आता फोनमध्येच असते. ‘अँड्रॉइड’ प्रणालीच्या २०२१ साली आलेल्या बाराव्या आवृत्तीत खेळांसाठी निरनिराळे ‘मोड’ ठरविण्याची व्यवस्था झाली. एक मोड कामगिरीकडे झुकणारा, एक बॅटरी वाचविणारा आणि एक या दोहोंमधला. खेळणारी तरुण मंडळी स्वाभाविकपणेच पहिल्याची निवड करतात. परंतु सर्वांत वरची सेटिंग म्हणजे सर्वांत चांगला खेळ, ही समजूत पदार्थविज्ञानाच्या कसोटीस उतरते काय, हे तपासून पाहण्याजोगे आहे.

कामाचे माप

खेळातील हलते चित्र म्हणजे वस्तुतः स्थिर चित्रांची मालिका होय. अशा प्रत्येक चित्रास ‘फ्रेम’ म्हणतात. सेकंदाला ६० फ्रेम दाखवावयाच्या असतील, तर एक फ्रेम तयार करण्यास फोनला सुमारे १६.७ मिलिसेकंद मिळतात. १२० फ्रेम दाखवावयाच्या असतील, तर ही मुदत ८.३ मिलिसेकंदांवर येते.

प्रत्येक फ्रेम ‘पिक्सेल’ नावाच्या सूक्ष्म ठिपक्यांची बनलेली असते. १०८० × २४०० ठिपक्यांच्या पडद्यावर एका फ्रेममध्ये २५,९२,००० पिक्सेल येतात. सेकंदाला ६० फ्रेम या दराने १५ कोटी ५५ लाख आणि १२० फ्रेम या दराने ३१ कोटी १० लाख पिक्सेलांचा रंग दर सेकंदास ठरवावा लागतो. हाच खेळ ७२० × १६०० ठिपक्यांत रंगविला, तर एका फ्रेममधील पिक्सेल ११,५२,००० इतकेच राहतात; म्हणजे काम सव्वादोन पटींनी कमी होते. सावल्या, पाण्यातील प्रतिबिंबे, धूर, गवताची पाती ही कामे याशिवाय वेगळी.

विजेचा खर्च

फोनच्या चिपमध्ये अब्जावधी सूक्ष्म स्विच असतात. ते उघडमीट करण्यास जी वीज लागते, ती चिपच्या ठोक्यांच्या वेगाच्या प्रमाणात आणि विद्युत्‌दाबाच्या वर्गाच्या प्रमाणात वाढते. वेग वाढवावयाचा, तर दाबही वाढवावा लागतो, आणि खर्चाचा मोठा भाग येथेच होतो. उलट, वेग २० टक्क्यांनी उतरविला आणि त्यायोगे दाब १० टक्क्यांनी कमी करता आला, तर खर्च ०.८ × ०.९ × ०.९, म्हणजे मूळच्या सुमारे ६५ टक्क्यांवर येतो. पाचवा हिस्सा वेग सोडला असता तिसऱ्या हिश्श्याहून अधिक वीज वाचते. २०११ साली ‘आर्म’ या ब्रिटिश कंपनीने एकाच चिपमध्ये शक्तिमान मोठे गाभे व काटकसरी लहान गाभे एकत्र बसविण्याची रचना पुढे आणली, तीही याच तत्त्वावर. हलके काम लहान गाभ्यांनी करावे आणि जड कामापुरतेच मोठ्यांना जागवावे, अशी ही योजना आहे.

खर्च झालेली ही वीज अखेर उष्णतेच्या रूपाने प्रकट होते. म्हणून फोनपुढील खरा प्रश्न ‘किती वेगाने काम करता येईल’ हा नसून ‘किती उष्णता बाहेर टाकता येईल’ हा आहे.

जयनगरची हवा

उष्णता बाहेर पडण्याचा वेग भोवतालच्या हवेवर अवलंबून असल्यामुळे त्याचा विचार एखाद्या निश्चित गावाच्या संदर्भात करणे सोयीचे होते. बंगळूरच्या दक्षिण भागातील जयनगर ही १९४८ साली पायाभरणी झालेली, आखीव ब्लॉकांत वसविलेली वस्ती. तिच्या रस्त्यांवर झाडांची दाट सावली आहे, आणि शहर समुद्रसपाटीपासून सुमारे ९२० मीटर उंचीवर असल्यामुळे हवा वर्षातील बराच काळ सौम्य असते. फोनवर खेळणाऱ्यास यापेक्षा अनुकूल हवामान दख्खनच्या पठारावर क्वचितच लाभेल.

सोळा सेंटिमीटर लांब व साडेसात सेंटिमीटर रुंद अशा फोनच्या दोन्ही बाजूंचे क्षेत्रफळ २४० चौरस सेंटिमीटर भरते. स्थिर हवेत एवढ्या पृष्ठभागातून, तापमानातील एका अंशाच्या फरकामागे सुमारे पाव वॉट उष्णता बाहेर पडते. पृष्ठभाग ४३ अंश सेल्सिअसच्या पुढे गेला, तर तो दीर्घकाळ हातात धरणे त्रासाचे होते. म्हणून ४३ अंश ही मर्यादा धरून ठोकळ हिशेब मांडता येतो.

डिसेंबर-जानेवारीत बंगळूरचे दुपारचे तापमान २७ ते २८ अंशांच्या आसपास असते. तेव्हा फरक साधारण १५ अंशांचा, आणि फोन पावणेचार वॉटपर्यंत उष्णता सतत बाहेर टाकू शकतो. एप्रिलमध्ये कमाल तापमान सरासरी ३४ अंशांच्या घरात जाते. फरक ९ अंशांवर येतो आणि मर्यादा सव्वादोन वॉटपर्यंत उतरते. २४ एप्रिल २०१६ रोजी बंगळूरमध्ये ३९.२ अंश तापमानाची नोंद झाली. त्या दुपारी हीच मर्यादा जेमतेम एक वॉट राहिली असती. मे महिन्यात नागपूर-चंद्रपूरकडे पारा ४५ अंशांपलीकडे जातो, त्या वेळी हिशेब उलटा होतो. हवाच फोनपेक्षा तप्त असल्यामुळे ती त्यास थंड करण्याऐवजी तापवू लागते. ‘ॲपल’ कंपनी आपला फोन ० ते ३५ अंश तापमानातच वापरण्यास सांगते, त्याचे मर्म येथे आहे. तोच फोन, तोच खेळ, तीच सेटिंग. पण जयनगरच्या डिसेंबरात जे साधते, ते चंद्रपूरच्या मे महिन्यात साधणार नाही.

पहिल्या दहा मिनिटांचा भ्रम

येथे एक शंका उपस्थित होईल. फोन सतत तीन-चार वॉटच बाहेर टाकू शकत असेल, तर सर्वांत वरच्या सेटिंगवर सहा वॉट खर्चणारा खेळ आरंभी इतका सुरळीत कसा चालतो? याचे उत्तर फोनच्या वजनात आहे. २०० ग्रॅमच्या फोनचे तापमान एक अंशाने चढण्यास सुमारे १७० ज्यूल उष्णता लागते. २८ अंशांवरून ४३ अंशांवर जाण्यास सुमारे २५५० ज्यूल. सहा वॉट निर्माण होत असता सरासरी पावणेदोन-दोन वॉट बाहेर जातात आणि बाकीचे चार वॉट फोनमध्ये साठत राहतात. या गतीने मर्यादा गाठण्यास सुमारे दहा मिनिटे लागतात.

त्यानंतर फोन स्वतःच वेग उतरवितो. ही त्याची बिघाडाची खूण नसून संरक्षणाची व्यवस्था आहे. परंतु खेळणाऱ्यास ती अचानक जाणवते. ६० फ्रेमचे ४५ होतात, पुन्हा ५५, पुन्हा ४०. चित्र अडखळते, आणि नेमक्या अटीतटीच्या क्षणी बोटाच्या स्पर्शास उत्तर उशिरा मिळते. डोळ्यास कमी गतीपेक्षा अस्थिर गती अधिक खुपते. पहिल्या दहा मिनिटांची गती ही मिळकत नव्हे, उधारी होय. आणि ती पुढील अर्ध्या तासात फेडावी लागते.

मर्यादा कोणी ठरवावी?

ही मर्यादा अटळ असली, तरी ती गुपचूप घालावी काय, हा प्रश्न २०२२ साली जगासमोर आला. ‘सॅमसंग गॅलेक्सी एस २२’ या फोनमधील खेळांसाठीची एक अंतर्गत सेवा खेळांची कामगिरी आवळून धरते, परंतु वेग मोजण्याच्या चाचण्यांना मात्र मोकळे सोडते, असे दक्षिण कोरियातील ग्राहकांच्या ध्यानात आले. परिणामी त्या वर्षीच्या मार्च महिन्यात ‘गीकबेंच’ या चाचणीच्या चालकांनी सॅमसंगच्या काही फोनांचे आकडे आपल्या तक्त्यातून काढून टाकले. कंपनीने दिलगिरी व्यक्त केली आणि नवी आज्ञावली देऊन हा निर्णय ग्राहकाच्या हाती सोपविला.

त्यापूर्वी, डिसेंबर २०१७ मध्ये, बॅटरी जुनी झालेल्या आयफोनांचा वेग ते अचानक बंद पडू नयेत म्हणून उतरविला जातो, हे ॲपल कंपनीने मान्य केले होते. त्यानंतर कंपनीने बॅटरी बदलून देण्याचा दर ७९ डॉलरांवरून २९ डॉलरांवर आणला आणि बॅटरीचे स्वास्थ्य पाहण्याची सोय फोनमध्ये दिली. दोन्ही प्रकरणांत वेग उतरविण्यास शास्त्रीय कारण होते. रोष ओढवला तो न सांगण्यामुळे. आज ही कळ ग्राहकाच्या हाती आहे. ती समजून वापरण्याची जबाबदारीही त्यामुळे त्याच्याकडे आली आहे.

बॅटरीचे आयुष्य

५००० मिलिअँपिअर-तासांच्या बॅटरीत सुमारे १९ वॉट-तास ऊर्जा मावते. पाच वॉट खर्च करणारा खेळ ती पावणेचार-चार तासांत संपवितो. तीन वॉट खर्च करणारा सव्वासहा तास पुरवितो. युरोपीय संघाने २० जून २०२५ पासून लागू केलेल्या नियमानुसार ८०० पूर्ण आवर्तनांनंतरही बॅटरीत मूळच्या किमान ८० टक्के शक्ती राहिली पाहिजे. रोज एक पूर्ण आवर्तन खेळातच खर्ची पडले, तर हा टप्पा सव्वादोन वर्षांत येतो. अर्धे आवर्तन खर्ची पडले, तर त्यास सव्वाचार वर्षांहून अधिक काळ लागतो. शिवाय लिथियम-आयन बॅटरी उष्णतेत व पूर्ण भरलेल्या स्थितीत अधिक लवकर झिजते. म्हणून फोन चार्जरला जोडून तासन्‌तास खेळणे हे दुहेरी नुकसान होय. काही फोनांत खेळताना चार्जरची वीज बॅटरीस वळसा घालून थेट चिपला देण्याची सोय असते. ती असल्यास अवश्य वापरावी. ज्या घरात अभ्यास, बँकेचे व्यवहार आणि खेळ यांसाठी एकच फोन आहे, तेथे ही दोन वर्षे लहानसहान गोष्ट नव्हे.

सेटिंग्ज लावण्याचा क्रम

प्रथम फ्रेमची कमाल संख्या ठरवावी, कारण खर्चावर तिचा परिणाम मोठा व तात्काळ होतो. ही संख्या पडद्याच्या रिफ्रेश रेटला, म्हणजे पडदा सेकंदास जितक्या वेळा ताजा होतो त्या संख्येला, नेमका भाग देणारी असावी. १२० वेळा ताज्या होणाऱ्या पडद्यावर ६०, ४० किंवा ३० फ्रेम समान अंतराने बसतात. ६० वेळा ताज्या होणाऱ्या पडद्यावर ३० बसतात, ४० बसत नाहीत. त्यानंतर सावल्या व प्रतिबिंबे कमी करावी, आणि तेवढ्याने न भागल्यास चित्रातील पिक्सेलांची संख्या उतरवावी. पडद्याचा उजेड खोलीपुरता ठेवावा. जाड कव्हर खेळापुरते काढावे; फोन उशीवर किंवा गादीवर न ठेवता फरशीवर किंवा हातात ठेवावा. तापलेला फोन शीतपेटीत मात्र कधीही ठेवू नये. आत दंव धरून तो निकामी होण्याचा संभव असतो. बॅटरी फुगून पाठ उचललेली दिसल्यास फोन बंद करून दुरुस्ती-केंद्राकडे न्यावा. तो चार्ज करू नये.

निवड बरोबर आहे की नाही, हे शाळेतही पडताळून पाहता येते. भिंतीवरील तापमापकाचा आकडा टिपावा. एकच खेळ प्रथम सर्वांत वरच्या सेटिंगवर व फोन पूर्ण निवल्यानंतर मध्यम सेटिंगवर, प्रत्येकी अर्धा तास चालवावा. दर पाच मिनिटांनी फ्रेमची संख्या व बॅटरीची टक्केवारी वहीत लिहावी आणि दोन्हींचे आलेख एकाच कागदावर काढावेत. पहिली रेषा उंचावर आरंभ होऊन पुढे खाली कोसळली आणि दुसरी जवळजवळ सपाट राहिली, तर त्या फोनसाठी व त्या ऋतूसाठी दुसरी सेटिंग योग्य, असा निष्कर्ष काढावा. हाच प्रयोग जानेवारीत व एप्रिलमध्ये केल्यास दोन महिन्यांतील फरकही दिसून येईल. खेळाच्या शेवटच्या मिनिटापर्यंत जी गती फोन टिकवू शकतो, तीच त्याची खरी गती समजावी.