भलत्याच कारणांनी टिकलेला खेळ

अमेरिकेतल्या कॉलेज फुटबॉलचा पहिला सामना ६ नोव्हेंबर १८६९ रोजी झाला. रटगर्सने प्रिन्स्टनला ६-४ असं हरवलं. तेव्हा चलच्चित्रच नव्हतं. पुढे कॅमेरा आला, तरी या खेळाचं जे चित्रण उरलं ते बहुतेक भलत्याच कारणांनी.

१४ नोव्हेंबर १९०३ रोजी एडिसन कंपनीने येल-प्रिन्स्टन सामना टिपला. त्या काळी अमेरिकेत चित्रपटाचा स्वामित्वहक्क छायाचित्र म्हणूनच नोंदवता येई. म्हणून निर्माते अख्खी फिल्म कागदी पट्ट्यांवर छापून लायब्ररी ऑफ काँग्रेसमध्ये जमा करत. नायट्रेटच्या फिल्म कुजल्या, जळाल्या, कागद राहिले. १९५०च्या दशकात केम्प नायव्हर यांनी त्यांवरून पुन्हा फिल्म तयार केल्या.

१९२३ मध्ये कोडॅकने सहज पेट न घेणारी १६ मिलिमीटरची फिल्म आणली आणि सामन्यांचं चित्रण प्रशिक्षकांच्या आवाक्यात आलं. प्रशिक्षक सिड गिलमन यांच्या घरची चित्रपटगृहं होती. तिथल्या न्यूजरीलमधला फुटबॉलचा भाग कापून ते डावपेच अभ्यासत. प्रशिक्षकांसाठीचं चित्रण उंचावरून घेतलेलं असे. त्यात मैदानावरचे बावीसही खेळाडू दिसत, पण ना समालोचन, ना प्रेक्षकांचा कल्ला. अशी रिळं आज नोत्र देमसारख्या विद्यापीठांच्या अभिलेखागारांत आहेत. मात्र या रिळांची ॲसिटेट फिल्म सडू लागली की तिला व्हिनेगरचा वास सुटतो, ती आकसते आणि शेवटी प्रोजेक्टरवर चढतच नाही.

टेलिव्हिजनने जास्त दाखवलं, कमी राखलं. ३० सप्टेंबर १९३९ चा फोर्डहॅम-वेन्सबर्ग सामना हे फुटबॉलचं पहिलं दूरचित्रवाणी प्रक्षेपण. ते हवेतच विरलं. ७ डिसेंबर १९६३ च्या आर्मी-नेव्ही सामन्यात दिग्दर्शक टोनी व्हर्ना यांनी तत्काळ पुनर्दर्शन घडवलं, तेही आधी वापरलेल्या टेपवर. टेप महाग होती. जुनं पुसून नवं भरणं हाच रिवाज होता.

१९८४ मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने एनसीएए या कॉलेज-क्रीडासंघटनेची प्रक्षेपणावरची मक्तेदारी मोडली आणि सामन्यांचा पूर आला. चाहत्यांनी ते घरच्या व्हीसीआरवर जाहिरातींसकट उतरवले. प्रशिक्षकांच्या मूक रिळांत नसलेला आवाज आणि माहोल या कॅसेटींत सापडतो.

कागद कायद्यासाठी, रिळं डावपेचांसाठी, कॅसेटी हौसेसाठी. इतिहासासाठी म्हणून फारच थोडं ठेवलं गेलं. आता चित्रण फुकटात होतं, पण संघ-तारखेची नोंद करून, दर काही वर्षांनी नव्या माध्यमावर उतरवून ते सांभाळायला माणूस आणि पैसा लागतोच. विद्यापीठांनी स्टेडियमच्या खर्चातच ही तरतूद करायला हवी.