अणुबॉम्ब आणि अनुबोधपट

सिनेमा म्हटला की आमच्या नांदेड-लातूरकडे नटनट्या आणि गाणी आठवतात. राज्यकर्त्यांना जाब विचारणाराही सिनेमा असतो, असे सांगितले म्हणजे पुष्कळांना नवल वाटते. १९५० साली मुंबईत जन्मलेल्या आनंद पटवर्धन यांनी असे अनुबोधपट काढण्यातच सारे आयुष्य वेचले. बिहारमधील जयप्रकाशजींच्या आंदोलनावरील त्यांचा चित्रपट आणीबाणीत चोरून दाखवावा लागे. पुढे मुंबईचे झोपडपट्टीवासी आणि अयोध्येचा वाद हे विषय त्यांनी घेतले.

पण आम्हांस येथे सांगावयाचे आहे ते २००२ सालच्या 'जंग और अमन'विषयी. मे १९९८ मध्ये प्रथम भारताने पोखरणला आणि त्याच महिन्यात पाकिस्तानने चगाईला अणुस्फोट केले. दोहीकडे पेढे वाटले गेले. पटवर्धन कॅमेरा घेऊन निघाले ते दिल्लीच्या दरबारापाशी थांबले नाहीत. पोखरणशेजारच्या खेतोलाई गावची माणसे, जादूगोड्याच्या युरेनियम खाणीलगतची वस्ती, लाहोरच्या शाळेतील मुली, हिरोशिमाच्या आगीतून वाचलेले वृद्ध, या सर्वांना त्यांनी बोलते केले. अमेरिकेसही सोडले नाही. बॉम्ब टाकणाऱ्या विमानाच्या प्रदर्शनावरून तेथे उठलेले वादळही या चित्रपटात आहे.

आम्हां कामगार चळवळीतल्या माणसांना ही पद्धत ओळखीची वाटते. गिरणीत अपघात झाला तर मॅनेजरचा अहवाल वाचावाच, पण आधी साच्यावरच्या माणसाला विचारावे. आमच्या सभांतून बोनसावर तासन् तास भांडणारी मंडळी बॉम्बचा विषय निघाला की 'ते मोठ्यांचे काम' म्हणून गप्प होतात. युरेनियम मात्र मजूरच खणतो!

आता सेन्सॉरची गोष्ट. १९५२ च्या कायद्याप्रमाणे प्रमाणपत्रावाचून चित्रपट जाहीरपणे दाखविता येत नाही. मंडळाने या चित्रपटास अनेक काटछाटी सुचविल्या. पटवर्धनांनी एकही मान्य केली नाही. मते मांडण्याचे स्वातंत्र्य घटनेच्या एकोणिसाव्या कलमाने दिले आहे, त्याच्या आधारे ते न्यायालयात गेले. आणि २००३ साली मुंबई उच्च न्यायालयाने चित्रपट जसाच्या तसा दाखविण्यास मोकळीक दिली. दूरदर्शनशीही त्यांचे असेच खटले झाले. 'पिता, पुत्र और धर्मयुद्ध' हा १९९५ चा चित्रपट दूरदर्शनने दाखवावा, हा सर्वोच्च न्यायालयाचा निकाल यायला २००६ साल उजाडले.