गॅरंड यांची रायफल

जुन्या रायफलीचा एक बार उडाला कीं शिपायाला चापावरचें बोट काढून बोल्ट हातानें मागें ओढावा लागे; तेवढ्यांत धरलेला नेम मोडे. हें काम बाराच्या वायूकडूनच करून घ्यावें, यासाठीं कॅनडांत जन्मलेले जॉन गॅरंड १९१९ पासून अमेरिकेच्या स्प्रिंगफील्ड शस्त्रशाळेंत झटत होते. पुढें कायम झालेल्या रचनेंत नळीच्या तोंडाजवळ बारीक छिद्र आहे. त्यांतून निसटलेला वायु दट्ट्याला मागें रेटतो, त्यासरशी बोल्ट उघडून रिकामें काडतूस बाहेर पडतें, आणि स्प्रिंगच्या जोरानें परततांना बोल्ट नवें आंत सारतो.

त्यांचा एक पसंतीस उतरलेला नमुना ·२७६ इंची, १० काडतुसांचा होता. १९३२ सालीं जनरल मॅकार्थर यांनीं तो नाकारला, कारण कोठारांत ·३० इंची काडतुसांचे ढीग पडले होते. हिशेब चोख, पण लढणाऱ्याचीं दोन काडतुसें गेलीं! १९३६ सालीं स्वीकारलेली एम-१ रायफल आठांचीच राहिली. दुसऱ्या महायुद्धांत अशा सुमारें ४० लाख रायफली घडल्या.

पेटंटाचे हक्क गॅरंड यांनीं सरकारला देऊन टाकले होते. त्यांना १ लाख डॉलर द्यावे, असें विधेयक अमेरिकन काँग्रेसपुढें आलें. तें मंजूर झालें नाहीं. १९५३ सालीं निवृत्त होईपर्यंत ते शस्त्रशाळेंत पगारावरच राहिले.