हंडी फुटली, हात प्लास्टरात

दहीहंडीच्या संध्याकाळी घाटकोपरच्या राजावाडीत, विलेपार्ल्याच्या कूपरमध्ये जखमी गोविंदा येऊ लागतात. जोगेश्वरीच्या जय जवान पथकाने २०१२ साली ठाण्यात नऊ थर लावले, १३.३४ मीटर उंची गाठली आणि गिनीज बुकात नाव नेलं. हाड मोडायला मात्र दुसऱ्या थरावरून पडणंही पुरतं. पडताना माणूस हात पुढे टेकतो, सगळा भार तळहातावर येतो आणि मनगट जातं. मग पाच-सहा आठवडे प्लास्टर.

आधी बहुधा कच्चं प्लास्टर घालतात, कारण सूज येणार हे डॉक्टरांनी धरलेलंच असतं. अंगठ्या-कडी लगेच उतरवायची, पहिले दोन-तीन दिवस हात उशांवर छातीपेक्षा उंच ठेवायचा आणि बोटं हलवत राहायची. ‘हाड मोडलंय, दुखणारच’ म्हणून गोळी देऊन झोपवण्याची आपल्या घरांतली पद्धत मला सगळ्यांत धोक्याची वाटते. गोळीला न जुमानता वाढत जाणारी कळ, दुसऱ्याने बोटं सरळ केली की जीव कासावीस होणं, बधिरपणा, निळी किंवा पांढरी पडलेली बोटं ही आतला दाब वाढून स्नायूंचं रक्त तुटत असल्याची लक्षणं आहेत. असे स्नायू काही तासांत कायमचे निकामी होऊ शकतात. सकाळच्या ओपीडीची वाट न पाहता रात्री दोनलाही निघावं.

प्लास्टर ऑफ पॅरिस म्हणजे भाजून पाणी उडवलेलं जिप्सम. पाणी मिळालं की ते गरम होत पुन्हा घट्ट होतं. ही पूड कापडी पट्टीत भरून वापरायची पद्धत अँटोनियस माथायसेन या डच लष्करी डॉक्टरने १८५२ साली प्रसिद्ध केली. ज्या गणेशमूर्तींवरून दरवर्षी वाद रंगतो, त्याही याच पावडरीच्या. हाताला घातलेलं प्लास्टर काही मिनिटांत टणक लागतं, पण आतलं पाणी उडायला दोन-तीन दिवस लागतात. पावसाळी हवेत त्याहून जास्त. तोवर बोटाने दाबून खड्डा पाडला, तर तोच उंचवटा आतून कातडीला टोचत राहतो.

‘फायबरचं घातलंय, आता पावसात फिरलं तरी चालेल’ हेही खूप ऐकू येतं. फायबर भिजून बिघडत नाही हे खरं, पण आतला नेहमीचा कापूस भिजतो आणि सुकता सुकत नाही. खाली कातडी पांढरी पडून सोलते. अंघोळीला पिशवी बांधली तरी हात बादलीबाहेरच हवा. खाज सुटली की विणायची सुई, फूटपट्टी, झाडूची काडी असं जे सापडेल ते आत जातं. त्याच ओरखड्यात पू होतो. ड्रायरची थंड हवा सोडावी किंवा वरून टिचक्या माराव्यात. पावडर घालू नये, ती घामाने आत गोळा होते. वास, डाग किंवा ताप आला तर दाखवायलाच हवं.

अधिक महिना मध्ये आला नाही, तर गोकुळाष्टमीपासून घटस्थापना साधारण सदतीस दिवसांवर येते. म्हणजे बोरिवलीत गरब्याचे मंडप उभे राहतात, तेव्हाच अनेकांची प्लास्टरं निघतात. कटरचा आवाज भीतिदायक, पण त्याचं पातं गरगर फिरत नाही, थरथरतं. कडक थर कापला जातो, मऊ कातडी पात्याबरोबर हलते. पातं तापतं मात्र. चटका बसला तर लगेच सांगावं.

आतून निघालेला हात पाहून घरचे दचकतात. बारीक झालेला, केसाळ, पिवळट खपल्यांचा आणि वासाचा. मेलेली कातडी रोज घासली जाऊन निघते, ती इतके दिवस आतच साठलेली असते. त्यावर घासणी किंवा दगड चालवू नये. जखम नसेल तर कोमट पाण्यात दहा-पंधरा मिनिटं हात बुडवावा, सौम्य साबण लावावा, टिपून कोरडा करावा आणि खोबरेल किंवा बिनवासाचं क्रीम लावावं. खपल्या आपोआप काही दिवसांत सुटतात. वस्तरा तूर्त नको, आणि नवी नाजूक कातडी उन्हातही झाकलेली बरी.

मालीशवाल्याला बोलावण्याची घाई तर अजिबात नको. मोडलेल्या कोपरावर जोराने मालीश केली, तर स्नायूतच नवं हाड धरू शकतं आणि कोपर आखडतं. मूठ उघडणं-मिटणं, मनगट वळवणं हे फिजिओथेरपिस्टने दाखवलं तेवढंच करावं. दांडिया कधी धरायची, तेही त्यांनाच विचारावं.